नागपूरहून येणाऱ्या कोडर मैत्रिणींसाठी: चिंताविकारांचे कोड लावताना

लग्न होऊन न्यू जर्सीत आलेल्या आणि नागपुरात अमेरिकन रुग्णालयांचे चार्ट कोड केल्याचा, म्हणजे रुग्णाच्या नोंदी वाचून विम्याच्या दाव्यासाठी प्रत्येक आजाराला ठरलेला कोड लावण्याचा, अनुभव गाठीशी असलेल्या मुली अधूनमधून मला फोन करतात, आणि प्रतापनगर-धरमपेठच्या ओळखी निघून झाल्या की पहिला प्रश्न कोणता क्लास लावावा हाच असतो. क्लास कोणताही चालेल. एच-४ व्हिसावर, म्हणजे तिथे नोकरीला असलेल्या नवऱ्याच्या व्हिसावर अवलंबून, असाल तर कामाचा परवाना हाती येईपर्यंत कोणाकडेही, ओळखीच्या मराठी माणसाच्या घरगुती बिलिंगच्या धंद्यातसुद्धा, काम करू नका. तो माणूस कितीही गोड बोलला तरी अडचणीत तुम्हीच येणार आहात.

उरलेले सगळे मी चिंताविकारांविषयी लिहिते, कारण माझे पाऊल तिथेच घसरले. १ ऑक्टोबर २०१५ रोजी अमेरिकेत आजारांच्या कोडांची जुनी यादी आयसीडी-९ जाऊन आयसीडी-१०-सीएम ही नवी यादी लागू झाली, तेव्हा मी एका लहानशा बाह्यरुग्ण दवाखान्यात नुकतीच रुजू झाले होते. जीएडीचा, म्हणजे सततच्या सर्वसाधारण चिंतेच्या विकाराचा, जुना कोड ३००.०२ आता एफ४१.१ झाला, हे मला पाठ होते आणि त्याचा थोडा तोराही होता. एका चार्टवर छातीत धडधड आणि धाप लागणे अशा तक्रारी होत्या, आणि शेवटच्या ओळीत डॉक्टरांनी ‘रूल आउट जीएडी’, म्हणजे जीएडी आहे की नाही हे अजून तपासायचे आहे, एवढेच लिहिले होते. मी एफ४१.१ लावून मोकळी झाले. नागपुरात आमच्या टीमकडे भरती रुग्णांचे चार्ट येत, आणि भरती रुग्णाच्या बाबतीत डिस्चार्जच्या वेळी निदान ‘संभाव्य’ किंवा ‘अजून नाकारायचे आहे’ असे लिहिलेले असले तरी ते आहे असे धरूनच कोड करण्याचा नियम आहे. बाह्यरुग्णाला तो नियम लागू होत नाही. तिथे शंका कोड करायची नसते, लक्षणे कोड करायची असतात, म्हणजे धडधडीसाठी आर००.२ आणि धाप लागण्यासाठी आर०६.०२. हीच चूक मी महिनोन्महिने करत राहिले. ऑडिट झाले तेव्हा विमा कंपन्यांकडे गेलेले डझनावारी दावे दुरुस्त करून पुन्हा पाठवावे लागले, माझी नोकरी गेली, आणि एका रुग्णाला आयुर्विम्याच्या अर्जात स्वतःला कधी न झालेल्या विकाराचा खुलासा करत बसावे लागले. त्या माणसाचा काहीही दोष नव्हता. म्हणून ‘रूल आउट’, ‘प्रॉबेबल’, ‘सस्पेक्टेड’ यांपैकी एकही शब्द दिसला की हात थांबवा आणि चार्ट भरती रुग्णाचा आहे की बाह्यरुग्णाचा हे आधी पाहा.

दुसरा खड्डा जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० पुस्तकावर शिकलेल्यांसाठी आहे. त्या पुस्तकात चिंता आणि नैराश्य यांच्या मिश्र विकाराला एफ४१.२ आहे, अमेरिकन आवृत्तीत तो कोडच नाही आणि ते निदान एफ४१.८ खाली जाते. पॅनिक डिसऑर्डर, म्हणजे अचानक तीव्र भीतीचे झटके येण्याचा विकार, एकटा असेल तर एफ४१.०, पण सोबत ॲगोराफोबिया, म्हणजे गर्दीची किंवा सहज बाहेर पडता न येणाऱ्या जागांची भीती, असेल तर दोन्हींसाठी मिळून एफ४०.०१ हा एकच कोड लागतो. दोन कोड शेजारी शेजारी लावलेत तर दावा परत येईल.

आपल्या मुलींची एक खोड मला फार खटकते. पागलखाना चौक हे बसथांब्याचे नाव म्हणून ऐकत वाढलेल्या आपल्याला मानसिक विकाराचा कोड लावणे म्हणजे रुग्णावर शिक्का मारण्यासारखे वाटते, आणि मग डॉक्टरांनी स्पष्ट निदान दिलेले असतानाही दयेपोटी एफ४१.९ लावला जातो. एफ४१.९ म्हणजे सौम्य आजार नव्हे. त्याचा अर्थ प्रकार नमूद केलेला नाही एवढाच आहे. उलट टोकाला इथले अमेरिकन आहेत, जे कार धुवायला उशीर झाला तरी आपल्याला ‘अँक्झायटी’ आल्याचे सांगतात. रुग्णाच्या तोंडचा तो शब्द नोंदीत आला म्हणून कोड लागत नाही. डॉक्टरांनी निदान म्हणून लिहिला तरच लागतो. चिंता मोजणाऱ्या जीएडी-७ प्रश्नावलीत २१ पैकी १६ गुण आले तरी ते निदान नव्हे. तसेच परदेशी आल्यावर लागलेला घोर हा समायोजन विकार (नव्या परिस्थितीशी जुळवून घेताना होणारा चिंतेचा त्रास), म्हणजे एफ४३.२२, आहे की जीएडी, हे तुम्ही स्वतःच्या अनुभवावरून ठरवायचे नाही. शंका असल्यास डॉक्टरांना लेखी विचारा, मात्र प्रश्नातच उत्तर सुचवू नका.

कोडसंच दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतो. बाह्यरुग्णाच्या बाबतीत भेटीची तारीख धरायची, तुम्ही चार्ट उघडला ती नव्हे. ३० सप्टेंबरच्या भेटीचा चार्ट दसऱ्यानंतर हातात आला तरी त्याला जुन्याच वर्षाचे पुस्तक लागते, म्हणून ते लगेच रद्दीत घालू नका.