ओल्ड गार्डचा ग्रेनेडियर रंगवताना (२८ मिमी फिगर)

ओल्ड गार्ड म्हणजे नेपोलियनच्या रक्षकदलातले जुने, मुरलेले सैनिक; ग्रेनेडियर हे त्यातलं पायदळ. रंगाची बाटली उघडण्याआधी दोन गोष्टी ठरवा: साल कोणतं, आणि माणूस परेडवर आहे की मोहिमेवर. बाजारात मिळणाऱ्या बहुतेक फिगर परेडच्या थाटात असतात. टोपीवर उंच लाल तुरा, पांढऱ्या विणलेल्या दोऱ्या, पायात पांढरे गेटर (बुटावरून पायावर चढवायचं बटणांचं कापडी वेष्टन). हा पोशाख सम्राटासमोरच्या संचलनाचा. कूच सुरू झालं की तुरा काढून खोळीत जायचा, दोऱ्या सामानात, पायात काळे गेटर किंवा सैल पॅन्ट आणि अंगावर गडद निळा ओव्हरकोट. वॉटर्लूच्या लढाईचा खेळ टेबलावर मांडताना तुरेवाली बटालियन ठेवली, तर जाणकाराची नजर आधी तिथेच जाते. तुरा फिगरबरोबरच ओतलेला असेल तर धारदार ब्लेडने मुळाशी कापा, राहिलेला खळगा पुट्टीने बुजवा आणि पुट्टी वाळायच्या आत सुईने केसांच्या रेघा ओढा.

१८१५ च्या ३ऱ्या आणि ४थ्या ग्रेनेडियर रेजिमेंट घाईघाईने उभ्या केलेल्या होत्या. कपडे पुरले नाहीत, त्यामुळे एकाच रांगेत बेअरस्किन (उंच केसाळ टोपी), शाको (ताठ, नळकांड्यासारखी टोपी) आणि दुटोकी हॅट असा सगळा सरमिसळ प्रकार होता. या रेजिमेंट करायच्या असतील तर उरलीसुरली डोकी इथे खपवा. एकसारखी फौज दिसली तर उलट चूक. समोरच्या ब्रिटिश १ल्या फूट गार्ड्सना मात्र बेअरस्किन घालू नका. वॉटर्लूच्या दिवशी ते शाकोत होते. ‘ग्रेनेडियर गार्ड्स’ हे नाव आणि सगळ्या रेजिमेंटला बेअरस्किन, दोन्ही त्या लढाईनंतर आलं.

ग्रेनेडियर आणि शास्यूर (गार्डच्याच पायदळाची दुसरी शाखा) यांच्यात गल्लत होते, कारण दोघांचा कोट निळा, लॅपल (छातीवर उलटवलेले कापडाचे भाग) पांढरे आणि टोपी केसाळ. ग्रेनेडियरच्या टोपीला समोर गरुडाचा पितळी पत्रा असतो, शास्यूरच्या टोपीला नसतो. ग्रेनेडियरचे लॅपल खाली चौकोनी संपतात, कफ लाल आणि त्यावर तीन टोकांची पांढरी पट्टी. शास्यूरचे लॅपल आणि कफ टोकदार. ग्रेनेडियरचे एपोलेट (खांद्यावरच्या झालरीच्या पट्ट्या) आणि तुरा लाल. शास्यूरचे एपोलेट हिरवे, कडेला लाल, आणि तुरा हिरवा, वर लाल टोक. कॉलर निळीच, तिला वेगळी किनार नाही. सवयीने लाल किनार काढायचा मोह होतो, तो टाळा.

तयारीत कंटाळा करू नका. फिगर कोमट साबणाच्या पाण्यात जुन्या टूथब्रशने घासा. साच्यातून निघताना लागलेलं तेल राहिलं की रंग पापुद्र्याने सुटतो, आणि सुटतो तोही नेमका बंदुकीच्या नळीवरून. साच्याची शिवण ब्लेडच्या पाठीने खरवडा. बेअरस्किनवरची शिवण सगळ्यात त्रासदायक, कारण खरवडली की केसही जातात. तिथे ब्लेडच्या टोकाने पुन्हा रेघा मारून घ्या. प्रायमर (रंग धरावा म्हणून द्यायचा पहिला हात) स्प्रे साधारण २५ सेंटीमीटरवरून, थांबत थांबत मारा. हवा दमट असेल तर त्या दिवशी स्प्रे नकोच, पृष्ठभाग पिठासारखा खरखरीत होतो.

प्रायमर राखाडी घ्या. काळ्यावर पांढरे लॅपल उठून दिसायला चार-पाच हात लागतात आणि तोवर बटणांचे उठाव भरून जातात.

आता क्रम: आधी चेहरा आणि हात, मग कोटाचा निळा, मग पांढरं, मग लाल, शेवटी काळं आणि धातू. आतून बाहेर येत गेलं की ओघळलेला रंग पुढच्या थरात झाकला जातो. निळा अगदी गडद हवा, पण एवढ्या छोट्या आकारात खरा गडद निळा काळाच दिसतो, म्हणून बेसच एक छटा उजळ धरा. घड्यांमध्ये काळ्या-निळ्या पातळ रंगाची रेघ, बाहीच्या आणि कोपराच्या उठावावर उजळ निळा. तेवढं पुरतं.

खरी कसोटी पांढऱ्याची. लॅपल, कमरेखालची विजार, छातीवरचे दोन आडवे-तिरपे पट्टे, सगळंच पांढरं. थेट शुभ्र पांढरा लावला की खडूसारखा जाड आणि सपाट दिसतो, आणि वर उजळवायला काही उरत नाही. बेस फिक्या राखाडीचा द्या. विजारीला त्यात थोडा तपकिरी, पट्ट्यांना किंचित निळा, म्हणजे एकाच रंगातही कापड आणि चामडं वेगळं कळतं. रंग पाण्यात साधारण निम्मा-निम्मा पातळ करून दोन हात, प्रत्येक हात पूर्ण वाळल्यावरच. शुद्ध पांढरा फक्त कडांवर. मग गडद तपकिरी अगदी पातळ करून पट्टा आणि कोट यांच्यामधल्या फटीत बारीक रेघ ओढा. काळी रेघ नको, ती कार्टूनसारखी दिसते.

लाल रंग निळ्यावर धरत नाही. एपोलेट, कफ आणि कोटाच्या उलटवलेल्या शेपट्या आधी विटकरी रंगाने भरा, त्यावर लाल. उजळवायला लालात पांढरा मिसळू नका, गुलाबी होतो, नारिंगी मिसळा. उलटवलेल्या शेपटीवरचे ग्रेनेड नारिंगी असतात. ते टोकदार ब्रशने एक ठिपका आणि वर तीन बारीक फटकारे, इतकेच.

बेअरस्किनला पूर्ण काळं करून वर राखाडी ड्राय ब्रश मारण्याची जुनी पद्धत आहे. त्याने टोपी धुळीने माखलेली दिसते. काळ्यात थोडा गडद तपकिरी मिसळून बेस द्या, वर तोच तपकिरी थोडा उजळ करून केसांच्या दिशेने, वरून खाली, अगदी कोरड्या ब्रशने. मागच्या बाजूला माथ्याजवळ लाल कापडाचा तुकडा असतो, त्यावर सुरुवातीच्या काळात पांढरा क्रॉस, पुढे ग्रेनेड. पुढून फिगर पाहणाऱ्याला तो दिसत नाही, पण टेबलावर आपल्या बाजूने सैन्याची पाठच दिसते.

पितळेचे भाग आधी चॉकलेटी तपकिरी, मग पितळी रंग, मग तपकिरी वॉश (खाचांत उतरणारा अगदी पातळ रंग). टोपीचा पत्रा, काडतूसपेटीवरचा गरुड आणि तिच्या चार कोपऱ्यांतले ग्रेनेड याच पद्धतीने. गार्डच्या बंदुकीच्या नळीवरचे कडे पितळी होते, लाईनच्या, म्हणजे गार्डबाहेरच्या नेहमीच्या पायदळाच्या, बंदुकीचे लोखंडी. हा फरक रंगवायला मिनिट लागतं.

चेहऱ्यावर भरघोस मिशी, मागे पावडर लावलेली वेणी म्हणून फिका राखाडी, आणि कानात सोनेरी ठिपक्याची बाळी. लाईनने वेण्या कापल्या तरी ओल्ड गार्डने हा थाट सोडला नाही.

शेवटी आधी ग्लॉस व्हार्निशचा एक पातळ हात, तो रात्रभर वाळू द्या, मग मॅट. नुसतं मॅट दिलं तर संगिनीच्या टोकाचा आणि टोपीच्या कडेचा रंग हाताळून उडतो. मॅटचा डबा निदान दोन मिनिटं हलवा. तळाशी बसलेली पूड नीट मिसळली नाही तर निळ्या कोटावर पांढरट पापुद्रा येतो. आलाच, तर त्यावर पुन्हा ग्लॉसचा हात द्या, बहुतेक वेळा निघून जातो.