गृहकर्ज शेवटी कितीला पडतं, हे घरी बसून कसं काढायचं

मी नोकरीभर हिशेबखात्यात होते, त्यामुळे नात्यातलं कोणीही घर घ्यायला निघालं की कर्जाचं मंजुरीपत्र घेऊन माझ्याकडे येतं. बहुतेकांना हप्ता रुपयासकट पाठ असतो. एकूण व्याज किती जाणार, असं विचारलं की "ते काय, चालायचंच" म्हणतात. भाचा आला तोही असाच. "मावशी, हप्ता पगारात बसतोय ना, मग झालं की!" हप्ता बसतो की नाही हे बघायलाच हवं, पण त्यावरून कर्ज स्वस्त की महाग ते कळत नाही. ते कळायला तासाभराचं काम आहे, आणि ते स्वतःच्या हाताने करावं असं माझं मत आहे. तयार कॅल्क्युलेटर उत्तर देतात, पण पैसा कुठे जातो ते दिसू देत नाहीत.

भाच्याचे आकडे गोल होते, तेच घेऊ: ५० लाख कर्ज, साडेआठ टक्के फ्लोटिंग (म्हणजे वेळोवेळी बदलणारा) दर, २० वर्षं.

एक्सेल किंवा तसलं काहीही उघडा. सात रकाने करा: हप्त्याचा क्रमांक, सुरुवातीची बाकी, त्या महिन्याचा वार्षिक दर, व्याज, मुद्दल, जादा भरणा, अखेरची बाकी. दर दिसायला सगळीकडे सारखाच असला तरी तो प्रत्येक ओळीत वेगळा लिहा, आणि जादा भरण्याचा रकाना रिकामा का होईना पण ठेवा. सगळी गंमत पुढे याच दोन रकान्यांत आहे. हप्ता काढायला 'पीएमटी' नावाचं सूत्र असतं. त्याला मासिक दर (वार्षिक दर भागिले १२००), हप्त्यांची संख्या आणि कर्जाची रक्कम द्यायची. उत्तर उणे चिन्ह लावून येतं, घाबरू नका. इथे ते ४३,३९१ येतं.

आता पहिली ओळ. व्याज म्हणजे बाकी गुणिले दर भागिले १२००, म्हणजे ३५,४१७. हप्त्यातून ते वजा करा, उरलेले ७,९७४ मुद्दलात गेले. तेवढी बाकी कमी झाली, ती दुसऱ्या ओळीच्या सुरुवातीला आणा. मग हीच ओळ खाली ओढत न्या, २४० पर्यंत. शेवटची बाकी शून्याच्या आसपास आली तर तुमचं कोष्टक बरोबर. शंभरेक रुपये इकडेतिकडे झाले तर डोकं लावू नका, हप्ता रुपयात गोल केल्याने ते होतं. काही ठिकाणी व्याज महिन्यावर मोजतात, काही ठिकाणी दिवसावर. खातेउताऱ्याशी थोडा फरक पडला तर तो त्याचा असू शकतो.

कोष्टक झालं की बेरजा करायच्या आधी ते नुसतं वाचा. पहिल्या वर्षात ५ लाख २० हजार भरले आणि बाकी एक लाखानेही हलली नाही. पाच वर्षांनी खिशातून २६ लाख गेलेले असतात आणि कर्ज अजून ४४ लाख असतं. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे जवळजवळ बारा वर्षं. निम्मं कर्ज फिटायला १६६ हप्ते लागतात. यात कुणी लबाडी केलेली नाही. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याज मोठं, इतकं साधं गणित आहे. भाचा पाचव्या वर्षाच्या ओळीवर बोट ठेवून बराच वेळ बसला होता.

व्याजाच्या रकान्याची बेरीज ५४ लाख १४ हजार. हा आकडा लिहून ठेवा, पण लगेच त्यावर विश्वास टाकू नका. त्याकडे पुन्हा यायचं आहे.

मुदतीचा खेळ पटकन बघू. हेच कर्ज १५ वर्षांचं केलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. ३० वर्षांचं केलं तर हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार. म्हणजे वीसवरून तीसवर गेल्याने हप्ता पाच हजारांनीही उतरत नाही, आणि दहा वर्षं जास्तीची भरावी लागतात.

आता दराचा रकाना. फ्लोटिंग कर्जात आजचा दर म्हणजे फक्त आजचा दर. दर वाढला की दोन गोष्टी होऊ शकतात: हप्ता वाढतो, मुदत तीच राहते, किंवा हप्ता तोच राहतो, मुदत लांबते. पुष्कळदा दुसरी गोष्ट आपोआप होते. महिन्याला खात्यातून तेवढेच पैसे जातात, म्हणून घरात कुणाच्या लक्षातही येत नाही. पण कोष्टकात सुरुवातीपासूनच दर साडेनऊ करा आणि हप्ता ४३,३९१ च ठेवा. २४०व्या ओळीला बाकी शून्य होत नाही. ओळी खाली ओढत राहा. कर्ज ३०९व्या हप्त्याला फिटतं. एका टक्क्याने पावणेसहा वर्षं वाढली आणि व्याज ५४ लाखांवरून जवळपास ८४ लाखांवर गेलं.

त्याऐवजी मुदत वीस वर्षंच ठेवून हप्ता वाढवून घेतला तर तो ४६,६०७ होतो. महिन्याला ३,२०० रुपये जास्त, एकूण व्याज सुमारे ६२ लाख. दरवाढ तीच, पण एका रस्त्याने तिची किंमत ३० लाख आणि दुसऱ्या रस्त्याने पावणेआठ लाख. दर बदलल्याचा मेसेज आला की त्यात हप्ता बदलला का एवढंच बघून फोन खाली ठेवणारे लोक मला माहीत आहेत. तुम्ही शिल्लक हप्त्यांची संख्या शोधा. ती मेसेजात नसेल तर खातेउताऱ्यात असते, नसेल तर मागून घ्या.

आणि एकदा दर साडेदहा घालून बघाच. पहिल्या महिन्याचं व्याज ४३,७५० येतं, हप्त्यापेक्षा जास्त. मुद्दलाचा रकाना उणे होतो आणि हप्ता नेमाने भरूनही कर्ज वाढत जातं. अशा वेळी हप्ता वाढवावाच लागतो. म्हणून हप्ता पगारात बसतो का, हे आजच्या दराने न बघता दोन टक्के जास्त धरून बघा. त्या हप्त्यात घरखर्च ओढाताणीचा होत असेल तर कर्जाची रक्कम कमी करा. मुदत वाढवून वेळ मारून नेऊ नका.

आता जाहिरातीत नसलेले खर्च. प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, गहाणखताची नोंदणी, कागदपत्रांचं शुल्क हे सगळं एका कागदावर उतरवा. समजा, सगळं मिळून एक लाख गेले. मग तुमच्या हातात खरे ४९ लाख आले आणि हप्ता मात्र ५० लाखांचा. 'रेट' सूत्रात २४० हप्ते, ४३,३९१ आणि ४९ लाख घाला (हप्ता आणि रक्कम यांपैकी एकाला उणे चिन्ह लावावं लागतं) आणि उत्तराला १२ ने गुणा. साडेआठचा दर सुमारे ८.७८ होतो. हेच कर्ज पाच वर्षांत फेडून टाकलं तर तो एक लाख थोड्याच काळावर पसरतो आणि दर नऊच्या किंचित वर जातो. दोन ठिकाणची मंजुरीपत्रं शेजारी ठेवायची तर या दराने ठेवा. पाव टक्का कमी दर दाखवून फी दुप्पट घेणारं कर्ज असं उघडं पडतं.

कर्जाबरोबर येणाऱ्या विम्यावर माझा विशेष डोळा असतो. विमा असावा. कमावतं माणूस गेलं तर कर्ज घरच्यांच्या डोक्यावर राहू नये, हे खरंच. पण एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून देतात आणि "तुम्हाला वेगळे पैसे भरायचे नाहीत" असं सांगतात, तिथे थांबा. दीड लाखाचा हप्ता साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षं फेडला की ३ लाख १२ हजार होतात. कर्जाएवढ्याच रकमेचा साधा मुदत विमा (टर्म इन्शुरन्स) बाहेर कितीला मिळतो ते विचारा. कर्ज मधेच फेडलं तर विम्याचं काय होतं, तेही विचारा.

बांधकाम चालू असलेल्या घरात आणखी एक खर्च दडलेला असतो. पैसे टप्प्याटप्प्याने दिले जातात, आणि ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर नुसतं व्याज भरायचं. २५ लाख दिले गेले असतील तर महिन्याला १७,७०८. दोन वर्षांत सव्वाचार लाख होतात आणि मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. कोष्टकाच्या वर या ओळी वेगळ्या मांडा, कारण वीस वर्षांची गणती त्यानंतर सुरू होते.

आता त्या ५४ लाखांकडे. "पन्नास घेतले आणि एक कोटी चार लाख भरले" हे वाक्य ऐकून लोक हबकतात. बेरीज बरोबर आहे, पण ती आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच मापाने मोजते. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या पैशात साधारण १६,३५० चा असतो. सगळे २४० हप्ते असे आजच्या पैशात आणून बेरीज केली तर सुमारे ६६ लाख ४० हजार होतात. म्हणजे खरा जादा भार १६ लाखांच्या आसपास. तीस वर्षांच्या कर्जाचा हाच हिशेब ७२ लाख ५० हजारांवर येतो. वीस आणि तीस वर्षांतला ३४ लाखांचा फरक असा सहा लाखांवर येतो. घाबरवणारे ५४ सांगतात, कर्ज विकणारे १६ सांगतात. मी दोन्ही लिहिते आणि विचारते, तुमचा पगार महागाईबरोबर वाढणार आहे का? वाढणार असेल तर दुसऱ्या आकड्याला अर्थ आहे. निवृत्ती जवळ असेल किंवा उत्पन्न आज आहे तिथेच राहणार असेल तर पहिला आकडाच डोळ्यांपुढे ठेवा. व्याजावर करात सवलत मिळत असेल तर तीही धरा, पण जेवढा कर खरोखर वाचतो तेवढीच. वाचलेला कर म्हणजे अख्खं व्याज नव्हे, त्यातला एक तुकडा.

जादा भरण्याच्या रकान्यात आता एक प्रयोग करा. पहिलं वर्ष संपताना २ लाख टाका, हप्ता तोच ठेवा. शेवटचे २१ हप्ते गळून पडतात आणि सुमारे ७ लाख ३० हजारांचं व्याज वाचतं. तेच २ लाख पंधरा वर्षं संपताना टाकले तर वाचतात जेमतेम एक लाख. यावरून "लवकर भरा" एवढाच निष्कर्ष लोक काढतात. पण टक्क्यांत पाहिलं तर दोन्ही वेळी मिळकत एकच आहे, साडेआठ टक्के. आधी भरले तर ती जास्त वर्षं मिळते, इतकंच. म्हणून दुसरीकडे कर वजा जाता, जोखीम न घेता साडेआठपेक्षा जास्त मिळत नसेल तर कर्जात भरणं शहाणपणाचं. मात्र सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय नाही. कर्जात टाकलेला पैसा दवाखान्याच्या वेळी परत मागता येत नाही. भरताना "हप्ता तोच, मुदत कमी" असं लेखी द्या. मुदतीआधी भरल्यास शुल्क लागतं का, हे करारात सही करण्याआधी वाचा.

शेवटचा सापळा म्हणजे कर्ज दुसरीकडे नेणं. पाच वर्षांनी बाकी ४४ लाख ६ हजार, १८० हप्ते शिल्लक. दुसरीकडून आठ टक्क्यांचा प्रस्ताव येतो, हप्ता थेट ३६,८५७. साडेसहा हजार वाचले, असं वाटतं. पण मुदत पुन्हा वीस वर्षांची केलेली असते. जुन्या कर्जाचे ७८ लाख १० हजार भरायचे राहिले होते, नव्याचे ८८ लाख ४६ हजार. दर कमी होऊन दहा लाख जास्त गेले. तेच कर्ज आठ टक्क्यांवर नेऊन हप्ता ४३,३९१ च चालू ठेवला तर दहा महिने आधी सुटका होते आणि सव्वाचार लाख वाचतात, बदलाचा खर्च त्यातून वजा करायचा. आणि बाहेर जाण्याआधी आहे तिथेच दर कमी करून मागा. नव्या ग्राहकाला कमी दर आणि जुन्याला जास्त, हे सर्रास चालतं. थोडं शुल्क घेऊन दर बदलून देण्याची सोय असू शकते, पण मागितल्याशिवाय कुणी सांगत नाही.

भाच्याने सही करण्याआधी कर्ज देणाऱ्यांना ईमेल पाठवला, मसुदा मी सांगितला. दर कशाला जोडलेला आहे आणि त्यावर तुमचा वाढावा (वर लावलेले जादा टक्के) किती? तो वाढावा कधी बदलू शकतो का? दर किती महिन्यांनी बदलतो? वाढला तर हप्ता वाढणार की मुदत, आणि निवड माझी की तुमची? विमा घेतला नाही तर दर बदलतो का? सगळ्या शुल्कांची यादी, करासह? मुदतपूर्व भरण्याच्या अटी काय? उत्तरं फोनवर द्यायला ते तयार होते. "ईमेलवरच द्या" म्हटल्यावर दोन दिवस लागले, आणि विमा ऐच्छिक आहे हे तेव्हा पहिल्यांदा लेखी आलं.