बहुपदीचा भागाकार अवयव आणि आलेखाने कसा पडताळावा

फोंड्याला माझ्याकडे नववी-दहावीची जी मुले गणितासाठी येतात, त्यांतील बरीचशी चौथीपर्यंत मराठीतून शिकून पाचवीपासून इंग्रजी माध्यमात गेलेली असतात. ‘रिमेन्डर’ म्हणजे आपली ‘बाकी’च, हे उमगले की बहुपदीचा भागाकार त्यांना परका वाटत नाही, तरीही उत्तर पडताळायला सांगितले की ती तोच भागाकार पुन्हा मांडतात, आणि पहिल्यांदा जिथे चिन्ह चुकले तिथेच पुन्हा चुकते. म्हणून पडताळा वेगळ्या वाटेनेच घ्यावा.

क्ष³ − ७क्ष + ६ या बहुपदीला क्ष − २ ने भागायचे आहे, असे धरू. क्ष² चे पद दिसत नसले, तरी त्याच्या जागी ०क्ष² लिहावेच लागते. हे शून्य विसरून संश्लेषक भागाकार (फक्त सहगुणक मांडून करायचा भागाकार) केला, तर भागाकार क्ष − ५ आणि बाकी −४ येते. हे उत्तर पाहताक्षणी खटकले पाहिजे, कारण तिसऱ्या कोटीच्या बहुपदीला पहिल्या कोटीच्या भाजकाने भागल्यावर भागाकार दुसऱ्या कोटीचाच येतो. योग्य मांडणीत भागाकार क्ष² + २क्ष − ३ आणि बाकी ० येते.

आता भागाकाराचे अवयव पाडावेत. ते (क्ष + ३) आणि (क्ष − १) असल्यामुळे १ आणि −३ या किमती मूळ बहुपदीत घालून पाहाव्यात: १ − ७ + ६ = ० आणि −२७ + २१ + ६ = ०. किमती भागाकारात नव्हे, तर भाज्यातच घालायच्या, यावर माझा फार कटाक्ष असतो. भागाकारात त्या घातल्या तर केवळ अवयव बरोबर पाडले एवढेच कळते, भागाकाराबद्दल काहीच कळत नाही. भाज्यात २ घालूनही शून्यच येते. क्ष − २ ने भागल्यावर उरणारी बाकी म्हणजे भाज्यात २ घालून येणारी किंमतच, या शेष सिद्धांताप्रमाणे ते बाकीचा पडताळा देते.

आलेखासाठी −३ पासून ३ पर्यंतच्या किमती घेतल्या, तर अनुक्रमे ०, १२, १२, ६, ०, ०, १२ मिळतात. इथे आलेखकागदावर एक चूक हमखास होते: १ आणि २ या दोन्ही ठिकाणी शून्य आल्यामुळे मुले ते बिंदू अक्षावरूनच सरळ रेषेने जोडतात. मधली १.५ ही किंमत घेऊन पाहावी, तिथे −१.१२५ येते, म्हणजे वक्र अक्षाखाली किंचित उतरून पुन्हा वर येतो. अक्षाला तो −३, १ आणि २ या तीनच ठिकाणी छेदतो, आणि हीच आपल्या अवयवांतून आलेली मुळे, म्हणजे बहुपदी शून्य करणाऱ्या किमती, आहेत. मोबाइलवर जिओजेब्रा या गणिताच्या ॲपमध्ये आलेख क्षणात दिसतो, पण पहिला आलेख हाताने काढावा, असे मला मनापासून वाटते.

मुळे जुळली म्हणजे सगळे जुळले, असे मात्र नाही. भागाकार चुकून २क्ष² + ४क्ष − ६ लिहिला गेला, तरी त्याची मुळे तीच राहतात. म्हणून भाजक आणि भागाकार यांची स्थिरपदे (क्ष नसलेली पदे) गुणून पाहावीत: (−२) × (−३) = ६ हे भाज्याच्या स्थिरपदाशी जुळते, तर (−२) × (−६) = १२ जुळत नाही.

बाकी शून्य नसेल, तर ती आधी भाज्यातून वजा करावी आणि मग अवयव तपासावेत. क्ष³ − ७क्ष + १० ला क्ष − २ ने भागल्यास बाकी ४ उरते, आणि आलेखावर क्ष = २ येथे वक्र अक्षापासून बरोबर ४ एकक उंचीवर दिसतो.