गोठलेल्या जमिनीतील रोगजंतूंचा अभ्यास: सांगलीतून सुरुवात करताना

या विषयाची ओढ मला २०१६ मधील यमालच्या बातमीने लावली. सैबेरियाच्या या द्वीपकल्पात त्या उन्हाळ्यात पारा ३५ अंशांपर्यंत चढला, कायम गोठलेल्या जमिनीचा वरचा थर नेहमीपेक्षा खोलवर वितळला आणि दोन हजारांहून अधिक रेनडिअर काळपुळीने (अँथ्रॅक्सने) मेले. बारा वर्षांचा एक मुलगाही दगावला. तिथे हा रोग १९४१ नंतर दिसला नव्हता आणि रेनडिअरांचे लसीकरण २००७ मध्ये थांबले होते. जतकडच्या आमच्या गावात काळपुळी हा शब्द नवा नव्हता. जनावर अचानक फुगून मेले आणि नाकातोंडातून न गोठणारे काळपट रक्त आले, तर ते फाडू नये, चुना टाकून खोल पुरावे, असे पशुवैद्यक बजावत असत. त्यामागचे कारण मला पदवीच्या वर्गात कळले: रक्तातील जिवाणूंना हवा लागली की ते बीजाणू (कठीण कवचाची सुप्त रूपे) बनवतात आणि हे बीजाणू मातीत अनेक दशके तग धरतात.

नवख्यांनी आधी एक भेद पक्का करावा. १९९७ मध्ये अलास्कातील ब्रेव्हिग मिशन येथील गोठलेल्या दफनभूमीतून १९१८ च्या फ्लूच्या विषाणूचे केवळ आरएनएचे (त्याच्या जनुकीय द्रव्याचे) तुकडे मिळाले, जिवंत विषाणू नव्हे. उलट ३०,००० वर्षांपूर्वीच्या थरातला पिथोव्हायरस २०१४ मध्ये खरोखर पुन्हा सक्रिय झाला, पण तो अमीबालाच ग्रासतो. बातम्यांत या दोन्ही गोष्टींना ‘विषाणू सापडला’ असेच म्हणतात.

दुसरा धडा मी स्वतःच्या चुकीतून शिकले. तिसऱ्या वर्षी कृष्णाकाठची माती ८० अंशांवर दहा मिनिटे तापवून त्यातले बीजाणू वाढवण्याचा प्रकल्प मी घेतला होता. ऑटोक्लेव्ह (दाबाखालच्या वाफेने निर्जंतुक करणारे यंत्र) चालू असताना लाइट गेली, ती आल्यावर मी पूर्ण वेळ पुन्हा न मोजता जिवाणू वाढवण्याचे माध्यम बाहेर काढले, आणि ज्या प्लेटवर काहीच उगवायला नको होते त्या कंट्रोलच्या प्लेटवर दोन वसाहती उगवल्या. मला ती गुपचूप टाकून द्यावीशी वाटली, पण मॅडमनी तीच आधी मागितली, आणि पंधरा दिवसांचे काम पुन्हा करावे लागले. गोठलेल्या जमिनीचा नमुना घेणाऱ्यांनाही हीच धास्ती असते. म्हणून ते ड्रिलने काढलेल्या नमुन्याच्या दंडगोलाचा बाहेरचा थर खरवडून टाकतात आणि कधी ड्रिलला मुद्दाम ओळखीचा जिवाणू लावून तो आत शिरला का, हे तपासतात.

ध्रुवीय कामाची इच्छा असल्यास एम.एस्सी.नंतर गोव्याच्या राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्राकडे लक्ष ठेवावे; भारताचे हिमाद्री स्थानक आर्क्टिकमधील स्वालबार्ड बेटांवर २००८ पासून आहे. काळपुळीचा जिवाणू मात्र विद्यार्थ्याच्या हाती कोणी देत नाही, आणि ते योग्यच आहे. निरुपद्रवी बॅसिलस सबटिलिस या जिवाणूवर हात बसवावा: बीजाणू रंगवणाऱ्या मॅलकाइट ग्रीनला वाफ देताना रंग स्लाइडवर सुकू देऊ नये, मग सॅफ्रॅनिन या दुसऱ्या रंगाने गुलाबी झालेल्या पेशीत हिरवा बीजाणू स्पष्ट दिसतो.