यंत्रपंचांग भिंतीवर लावलंय? मग या चुका टाळा

2022 च्या पाडव्याला बेळगावच्या उद्यमबागेतल्या आमच्या शेडमध्ये एक घरगुती यंत्रपंचांग लागलं, म्हणजे मशीनांच्या देखभालीचा पंचांगावर बसवलेला तक्ता. मेंटेनन्सच्या वह्या कुणी उघडत नव्हतं, पण आज एकादशी आहे की चतुर्थी हे सगळ्यांना तोंडपाठ. म्हणून कामं तिथीला बांधली. तिथीला ग्रीस, वाराला कूलंट आणि 27 नक्षत्रांना आमची 27 मशीनं, रोज एकाची कसून तपासणी. पंचांगाची उरलेली दोन अंगं, योग आणि करण, सोडून दिली, ओढूनताणून बसवण्यात अर्थ नव्हता. आजूबाजूच्या शेडवाल्यांनी नक्कल नेली आणि आता तक्रारी माझ्याकडे येतात.

सगळ्यात जास्त घोळ नक्षत्राचा. चंद्र रोज साधारण एक नक्षत्र ओलांडतो आणि 27.32 दिवसांत फेरी पुरी करतो. पौर्णिमा ते पौर्णिमा मात्र 29.53 दिवस लागतात. एका शेडमध्ये दोन्हींचा एकच तक्ता केला होता: पौर्णिमा म्हणजे मघा, म्हणजे मोठा लेथ. पहिल्या महिन्यात जमलं, पुढच्या महिन्यात दोन दिवसांनी हुकलं. अहो, पौर्णिमेचं नक्षत्र दर महिन्याला बदलतं म्हणून तर चित्रेवरून चैत्र आणि विशाखेवरून वैशाख! दोन रकाने वेगळे ठेवा आणि पंचांगातून रोजचं नक्षत्र उतरवून घ्या, बोटांवर मोजू नका.

त्यात शेतकऱ्याचं नक्षत्र वेगळंच. आमच्या फिटरला सांगितलं, मृगाला मिलिंग मशीन उघडायचं. तो गडी खानापूरकडचा. पंधरा दिवस गेले तरी मिलिंग तसंच. विचारलं तर म्हणाला, ‘मृग लागायला अजून दीड महिना हाय की मालक.’ त्याचं बरोबरच होतं. त्याचा मृग सूर्याचा, 7-8 जूनला लागणारा, पेरणीचा. तेव्हापासून आम्ही ‘चंद्रमृग’ असं लिहितो. सूर्यनक्षत्रंही मग कामाला आली. बेळगावच्या पावसात लेथच्या बेडवर एका रात्रीत तांबूस थर धरतो, आणि पाऊस येतो सूर्याच्या हिशेबानं. त्यामुळे गंजरोधक तेल रोहिणी संपायच्या आत, पॅनेलबोर्डची झाकणं आणि रबरी पट्ट्याही तेव्हाच.

आता अधिक मास. इथे गंमत संपते. चांद्र वर्ष 354 दिवसांचं, म्हणजे सौर वर्षापेक्षा अकरा दिवसांनी तोकडं, आणि ती तूट भरायला साधारण साडेबत्तीस महिन्यांनी एक महिना जादा येतो. आमच्या क्रेनची वार्षिक तपासणी मी हौसेनं नारळी पौर्णिमेला टाकली होती. 2022 मध्ये ती 11 ऑगस्टला आली. 2023 ला श्रावणच अधिक, त्यामुळे नारळी पौर्णिमा थेट 30 ऑगस्टला. मध्ये 384 दिवस! तेव्हा लागू असलेल्या फॅक्टरी कायदा 1948 चं कलम 29 सांगत होतं की उचलण्याच्या यंत्रांची पूर्ण तपासणी बारा महिन्यांतून एकदा तरी सक्षम व्यक्तीकडून व्हायलाच हवी. वेळीच लक्षात आलं म्हणून जुलैतच उरकून घेतली. क्रेन, साखळ्या, हूक, प्रेशरची टाकी, जे जे कायद्यात आणि जिवाशी आहे ते इंग्रजी तारखेवरच राहू द्या. 2026 मध्ये 17 मे ते 15 जून अधिक ज्येष्ठ आहे. ज्यांनी ‘ज्येष्ठात’ एवढंच लिहून ठेवलंय त्यांनी आताच ‘निज’ (नेहमीचा) की ‘अधिक’ (जादाचा) ते ठरवावं, नाहीतर तेच काम दोनदा होईल किंवा दोन्ही वेळा राहील.

क्षयतिथीचा प्रश्न छोटा आहे. तिथी कधी वीस तासांची, कधी सव्वीस तासांची, त्यामुळे एखादी सूर्योदय न बघताच संपते आणि तिचं ग्रीसही बुडतं. अशा वेळी आदल्या दिवशी करून टाका. वृद्धी असेल, म्हणजे एकच तिथी दोन सूर्योदयांना असेल, तर पहिल्या दिवशी, आणि वहीत लगेच खूण. थर्ड शिफ्टवाल्यांनी रात्री बारानंतर तिथी बदलू नये, सकाळच्या सूर्योदयापर्यंत आदलीच धरायची.

पण ग्रीससुद्धा डोळे झाकून तिथीला नको. वडगावातला एक माग दिवसातून आठ तास चालतो, दुसरा चोवीस. दोघांना एकाच पंचमीला सारखंच ग्रीस दिलं तर कमी चालणाऱ्याचं बेअरिंग जास्त ग्रीसनंच तापतं. मशीन किती तास चाललं ते दाखवणारं अवरमीटर बघा. तिथीनं फक्त बघायची आठवण करून द्यावी. फौंड्रीतल्या भट्टीचं लायनिंग (आतलं अस्तर) तर हीटवर, म्हणजे किती वेळा धातू वितळवला त्यावर मोजतात, तिथे चंद्राचं काय काम?

उत्तर प्रदेश-बिहारकडची पोरं असतील तर आणखी एक. त्यांचा महिना पौर्णिमेला संपतो, मराठी-कन्नड आपला अमावास्येला. शुद्ध पक्षात दोघांचं जुळतं, वद्य पक्षात मात्र आपला श्रावण असताना त्यांचा भाद्रपद चालू. पाटीवर महिन्यासोबत तारीखही लिहा.

मग तिथी ठेवायची तरी कशाला, असं शेजारी विचारतात. माणसांसाठी! आपल्याकडे शिवजयंतीचे चित्ररथ वैशाखात, विसर्जन अनंत चतुर्दशीला, मार्गशीर्ष आणि माघ पौर्णिमेला सौंदत्तीच्या डोंगरावर यल्लम्माची जत्रा. शेड कधी रिकामी होणार हे इंग्रजी कॅलेंडर सांगत नाही. कॉम्प्रेसर खोलायचं काम आम्ही मार्गशीर्ष पौर्णिमेच्या आठवड्यात धरलंय. निम्मे गडी डोंगरावर असतील, तसंही काम थंडच. मी आणि दोन फिटर आहोत, आणि सील किट आधीच आणून ठेवलंय.