हरवलेलं जपानी अ‍ॅनिमे शोधताना

रोमन लिपीत नाव टाकून शोधलंत तर फारसं काही हाती लागत नाही. नाव आधी जपानीत मिळवा. कांजी (चिनी वळणाची चित्राक्षरं) आणि काताकाना (उच्चारानुसार लिहायची अक्षरं) दोन्ही रूपांत शोधा. चाहत्यांची कितीतरी जुनी पानं जिओसिटीज जपान या मोफत वेबसाइट-सेवेवर होती. ती सेवा ३१ मार्च २०१९ ला बंद झाली, पण पत्ता सापडला तर वेबॅक मशीनमध्ये (जुन्या वेबपानांच्या ऑनलाइन संग्रहात) टाकून बघाच. अक्षरांचा नुसता काला दिसला तर पान शिफ्ट-जिस या जपानी अक्षरांच्या जुन्या एन्कोडिंगमध्ये उघडा, मजकूर सुटा होतो. जपानमध्ये वर्षं सम्राटाच्या कारकिर्दीनुसारही मोजतात, म्हणून व्हीएचएस कॅसेटच्या वेष्टनावर ‘शोवा ५८’ असेल तर ५८ मध्ये १९२५ मिळवा: १९८३. त्यानंतरची हेइसेई कारकीर्द असेल तर १९८८ मिळवायचे. ओव्हीए (थेट व्हिडिओ कॅसेटवर आणलेलं अ‍ॅनिमे) हा प्रकारच डिसेंबर १९८३ मध्ये सुरू झाला, त्यामुळे कुणी १९७९ ची ‘हरवलेली ओव्हीए’ सांगितली तर शोध तिथेच थांबवा.