'डेथ ऑफ अ सेल्समन' वाचताना आणि बसवताना: या चुका टाळा

आर्थर मिलरचं हे नाटक १० फेब्रुवारी १९४९ला न्यूयॉर्कच्या मोरोस्को थिएटरमध्ये पहिल्यांदा रंगमंचावर आलं. फिरता विक्रेता विली लोमन, त्याची बायको लिंडा आणि बिफ, हॅपी ही दोन मुलं यांची ही गोष्ट. आज ते एम.ए.च्या अभ्यासात असतं, हौशी संस्थाही ते हौसेने बसवायला घेतात. उत्तरपत्रिका असो की तालीम, चुका मात्र ठरलेल्या. प्रतीकं आधी शोधायची आणि लोमन कुटुंबातलं भांडण मागाहून त्यात बसवायचं, ही त्या सगळ्यांची मुळी.

प्रतीकांचा तक्ता करू नका

डावीकडे वस्तू, उजवीकडे अर्थ. बियाणं म्हणजे आशा, स्टॉकिंग म्हणजे अपराधीपणा, रबरी नळी म्हणजे मृत्यू. गाईडमध्ये हा तक्ता तयार मिळतो, म्हणून नाटक एकदाही सलग न वाचता लोक तो पाठ करतात. त्याने नाटकातलं काहीच हाती लागत नाही. वहीत वेगळी नोंद करा: वस्तू कुणाची, ती कुणाच्या हातातून कुणाच्या हातात जाते आणि त्या वेळी तिथे कोण असतं.

स्टॉकिंगचंच बघा. मराठीत 'मोजे' म्हटलं की पायमोजे डोळ्यांसमोर येतात आणि सगळा प्रसंग बारीक होतो. हे बायकांचे मांडीपर्यंतचे तलम रेशमी स्टॉकिंग. महाग, म्हणून लिंडा फाटलेले शिवून वापरते. पहिल्या अंकात बॉस्टनच्या हॉटेलातली ती बाई, जिच्याशी विलीचे चोरटे संबंध आहेत, विलीला स्टॉकिंगबद्दल 'थँक्स' म्हणते, हसते, आणि तिचं हसू विरतं तोच लिंडा शिवताना दिसते. विली खेकसतो, या घरात हे शिवणं चालणार नाही, फेकून दे. लिंडा काय करते? स्टॉकिंग खिशात घालते. दुसऱ्या अंकाच्या सकाळी तो पुन्हा तिला शिवू नकोस म्हणतो. आणि बॉस्टनच्या प्रवेशात, शाळकरी बिफ ओरडतो की तू आईचे स्टॉकिंग तिला दिलेस. विली का खेकसत होता, ते प्रेक्षकाला तिथे कळतं. लिंडाला शेवटपर्यंत कळत नाही. म्हणून खिशात घालण्याची ती कृती कधीही गाळू नका. बरेच दिग्दर्शक 'किरकोळ हालचाल' म्हणून गाळतात.

रबरी नळीचा प्रवासही असाच वहीत मांडा. हीटरच्या गॅसला ती जोडून जीव द्यायचं विलीच्या मनात आहे. लिंडाला ती फ्यूज बॉक्समागे सापडते. ती रोज काढून ठेवते आणि विली घरी यायच्या आत जागेवर परत लावते, कारण नवऱ्याचा अपमान करायचा कसा? लिंडाला निव्वळ सोशिक गृहिणी करणाऱ्यांनी हे वाक्य पुन्हा वाचावं. पहिला अंक संपताना बिफ हीटरच्या मागून नळी काढून घेतो. दुसऱ्या अंकात लिंडाला वाटतं ती विलीनेच काढली, मग फोनवर खरं कळतं. शेवटच्या भांडणात बिफ ती टेबलावर बापासमोर ठेवतो. घरात सगळ्यांना ठाऊक असलेली आणि कुणीही न बोललेली गोष्ट टेबलावर येते. पहिल्या अंकात नळी प्रेक्षकाला नीट दिसली नसेल तर इथे काहीच घडत नाही. हातभर लांबीची, गडद रंगाची घ्या आणि हीटरच्या निळ्या ज्योतीचा उजेड बिफच्या हातावर पडेल असा दिवा लावा.

भूतकाळाला फ्लॅशबॅक समजू नका

सर्वांत जास्त प्रयोग इथे पडतात. भूतकाळ आला की ब्लॅकआऊट, निळा दिवा, धूर, पुन्हा ब्लॅकआऊट. अर्ध्या तासात प्रेक्षक कंटाळतो आणि अंधारात खुर्च्या आपटल्याचे आवाज तेवढे लक्षात राहतात.

विली काही 'आठवत' नाही. भूतकाळ त्याच्या वर्तमानात घुसतो. पत्त्यांचा प्रवेश घ्या: विली शेजारी चार्लीशी खेळतोय, त्याचा वारलेला मोठा भाऊ बेन शिरतो, विली दोघांशी एकदमच बोलतो, आणि चार्ली विचारतो, तू मला बेन म्हणालास का? इथे ब्लॅकआऊट कुठे करणार?

मिलरने नियम रंगसूचनेतच दिला आहे. वर्तमानात नट काल्पनिक भिंती पाळतात, दारातूनच आत येतात. भूतकाळात भिंतीतून सरळ पुढच्या मोकळ्या जागेत पाऊल टाकतात. तालमीच्या पहिल्याच दिवशी जमिनीवर चिकटपट्टीने भिंती आखा. वर्तमानात पट्टी ओलांडली की प्रवेश पुन्हा पहिल्यापासून. ही शिस्त अंगात मुरली की निळा दिवा लागत नाही. १९४९ला नेपथ्यकार जो मीलझायनर यांनी घरावर पानांच्या सावल्या टाकून काळ बदलला, आणि वरच्या खोलीतल्या पलंगांना लिफ्ट बसवली, म्हणजे झोपलेली मुलं न दिसता खाली उतरून शाळकरी म्हणून येऊ शकतील. आपल्याला लिफ्ट परवडत नाही, तर वरची खोली मागच्या लेव्हलवर घ्या आणि पांघरुणाआडून विंगेत जायची वाट ठेवा.

अमेरिकन दिसायचा हट्ट

१९८३ साली मिलर हे नाटक बीजिंगला चिनी नटांसह बसवायला गेले. भाषांतर यिंग रुओचेंग यांचं, विलीही तेच. पाश्चात्त्य दिसण्यासाठी विगांची तयारी होती. मिलर यांनी ते होऊ दिलं नाही. नक्कल सोडा, माणसं उभी करा, हा त्यांचा आग्रह. मराठी संचाने हे ध्यानात ठेवावं.

आपली खरी अडचण विगाची नाही, 'तू' आणि 'तुम्ही'ची आहे. ३६ वर्षांचा मालक हॉवर्ड साठी ओलांडलेल्या विलीला पोरासारखी हाक मारतो. याच हॉवर्डच्या नावाबद्दल त्याच्या बापाने विलीचं मत विचारलं होतं. मराठीत हात आपोआप 'विलीकाका, तुम्ही' लिहितो आणि अपमान जागीच मरतो. हॉवर्डच्या तोंडी एकेरीच हवं. विली आठवड्याला ६५ डॉलर पगार मागतो, मग ५०, मग ४०. त्याच खोलीत हॉवर्ड दीडशे डॉलरच्या रेकॉर्डरवर पोराचा आवाज ऐकवत असतो. या आकड्यांचे रुपये करू नका.

हॅपीला विनोदी पात्र करू नका. बेन भूत नाही. नाटकात अधूनमधून येणारी बासरी पार्श्वसंगीत म्हणून सतत वाजवू नका.

शेवटचं भांडण नुसतं आरडाओरड्याचं करू नका

चौतीस वर्षांचा बिफ ओरडतो, पण शेवटी बापाला धरून रडतो. विलीला त्यातून एवढंच उमगतं की पोराचा आपल्यावर जीव आहे. मग असा पोरगा २०,००० डॉलर विम्याचे हाती आल्यावर केवढा मोठा होईल! म्हणजे समेटच त्याला मरणाकडे ढकलतो. बिफ रडला नाही तर विली गाडी घेऊन का जातो, याचं उत्तर उरत नाही. घाईत बसवणारे रडणं कापतात, कारण नटाला ते लवकर जमत नाही. त्याला वेळ द्या.

त्याआधीचं बियाणं रात्री टॉर्चच्या उजेडात पेरायचं असतं: गाजर पाव इंचावर, ओळींत एक फूट. विलीने हे माप मोठ्याने म्हणत पावलाने मोजायला हवं, कारण त्याच दमात तो बेनशी विम्याचा हिशेब करतोय. हवेत मूठभर बी उधळलं की प्रवेश हातचा गेला.

विलीच्या दफनानंतरचा, स्मशानातला शेवटचा छोटा प्रवेश, 'रेक्विएम', वेळ वाचवायला कापू नका. लिंडा, बिफ, हॅपी, चार्ली आणि त्याचा मुलगा बर्नार्ड, एवढीच पाच माणसं येतात. घराचा शेवटचा हप्ता आजच भरला, हे लिंडाने थडग्याशी शांतपणे सांगायचं. रडू तिला आधी येत नाही, त्यामुळे नटीने सुरुवातीलाच हुंदका देऊ नये. माणसं गेल्यावर बासरी उरते, रंगमंच अंधारतो, आणि घरामागच्या उंच इमारती ठळक होत जातात. हा दिवा सावकाश चढवा आणि पडदा त्याच्या आधी पाडू नका.